शेवटची फेरी साडेसहाला

६ एप्रिल १९६४, सोमवार

ही वही मी दादरला गाड्यांच्या वेळा टिपायला घेतली होती. आता गाड्या नाहीत, वही आहे आणि ती अर्धी कोरी आहे. कोरी पानं टाकून देणं माझ्याच्याने होत नाही, म्हणून लिहितो.

मंगळवारी, एकतीस मार्चला, मुंबईतली शेवटची ट्राम बोरीबंदरहून दादरला आली. मी दादरचा स्टार्टर. म्हणजे ट्राम कधी सुटायची ते सांगणारा माणूस. माझी शिट्टी झाल्याशिवाय चाक हलत नसे. चौतीस वर्षं नोकरी झाली, त्यातली अठरा ह्या शिट्टीवर गेली. त्या दिवशी लोकांनी हार घातले, टाळ्या वाजवल्या, काही रडलेसुद्धा. गाडी किती उशिरा आली ते मात्र कुणी विचारलं नाही. मी आपलं वहीत लिहून ठेवलं.

साहेब म्हणाले, दत्ताराम, बसकडे या. बसकडे! जिला रूळ नाहीत आणि जी मनाला येईल तिकडे वळते, तिच्याकडे? एक वर्ष उरलं होतं, नको म्हटलं. आमचे बाबा घोड्यांच्या ट्रामच्या पागेत होते. विजेची ट्राम आली आणि घोडे विकले, तेव्हा ते आठ दिवस नीट जेवले नव्हते म्हणे. लहानपणी ही गोष्ट ऐकून मी हसायचो.

परवा भाऊच्या धक्क्यावर बोटीत बसलो, काल देवगडला उतरलो, तिथून एस.टी.ने मिठबाव आणि मग खाडी ओलांडून आमची वाडी. बोटीला दोन तास उशीर, एस.टी.ला पाऊण तास. खाडीवर तर वेळ म्हणून काही प्रकारच नाही! होडी पलीकडे आणि मी अलीकडे ट्रंक घेऊन उभा. शेवटी एका कोळणीने माझ्यासाठी हाक मारली, तेव्हा होडीवाला भिकाजी होडी घेऊन आला.

सुभद्रा अंगणात होती. मी पुढ्यात जाऊन उभा राहिलो तरी विचारते, "कोण ता?" लग्नाला अठ्ठावीस वर्षं झालेला नवरा! वर्षातून पंधरा दिवस येणाऱ्याला टोमणा मारायची तिची ही रीत असणार. मी म्हटलं, "मी गो." तेव्हा हसली.

९ एप्रिल, गुरुवार

पहाटे चारला जाग येते. पहिल्या ट्रामची वेळ. उठून खळ्यात, म्हणजे अंगणात, येरझारा घालतो. दात घासून होतात, चहा होतो, पाणी भरून होतं, आणि घड्याळात पाहावं तर सहा वाजलेले. उरलेल्या दिवसाचं काय करायचं?

सुभद्रा म्हणते, "वायच बसा मरे." बसलो की पाय हलायला लागतात.

तिने ट्राम कधी पाहिली नाही. दर मे महिन्यात मी "पुढच्या वर्षी नेतो" म्हणायचो. एकदा आई आजारी, एकदा घर शाकारायचं, एकदा मुंबईत खोलीत सात माणसं. राहून गेलं. आज तिने विचारलं, "ते रूळ खंय गेले?" सांगितलं, काही उखडले, काही तसेच डांबराखाली गाडले. "म्हणजे आसत," ती म्हणाली. मग तांदूळ निवडता निवडता तिने स्टॉप म्हणून दाखवले. बोरीबंदर, क्रॉफर्ड मार्केट, पायधुणी, भेंडीबाजार, जे.जे., भायखळा, लालबाग, परळ, दादर. मी पूर्वी पत्रांतून लिहायचो त्यावरून पाठ केलेले. एकही चुकला नाही. मला उगाच ओशाळल्यासारखं झालं.

आमटीत मीठ दोनदा पडलं होतं. न बोलता जेवायचं ठरवलं होतं, पण बोललोच.

१५ एप्रिल, बुधवार

दिवसभर धक्क्यावर बसून टिपण केलं. होडीच्या एकूण अकरा फेऱ्या झाल्या. दोन फेऱ्यांमधलं अंतर कधी दहा मिनिटं, कधी अडीच तास. एका फेरीत नऊ माणसं आणि एक बोकड, एका फेरीत नुसती एक म्हातारी.

भिकाजीला विचारलं, "तू निघतस तरी कशावरून रे?"

"कुकारो इलो की," तो म्हणाला. कुकारो म्हणजे पलीकडच्या काठावरून मारलेली लांब हाक. "कुकारो नाय तर फेरी नाय."

"आणि कोण आसा ता कळता कसा?"

"आवाजान. आता कुकारो घातल्यान ती सीता. काल म्हायेराक गेल्ली." होडी परत आली तर खरोखरच सीता. साठीचा हा माणूस, अक्षरओळख नाही, पण दोन्ही काठांच्या दीडेकशे घरांचे आवाज ह्याला येतात. कोण दमलंय, कोण भांडून आलंय, तेही आवाजावरून सांगतो. तिन्हीसांजेचा त्याचा आणखी एक नियम आहे. एकदाच हाक आली तर उठायचं नाही, तिसऱ्या हाकेला उठायचं. भूत म्हणे तीनदा हाक मारत नाही.

मला हसू आलं. मुंबईत दिवसाला लाखो माणसं आम्ही इकडून तिकडे नेली, ती काय एकेकाचा आवाज ओळखून? माणसाने गाडीची वेळ पाळायची असते, गाडीने माणसाची नव्हे.

रात्री झोप लागेना. डोक्यात वेळापत्रक तयार झालं होतं.

१८ एप्रिल, शनिवार

पंचायतीत मांडलं. होडी पंचायतीची, तेव्हा त्यांनी हो म्हणणं भाग होतं. सगळे माना डोलावत होते. मुंबईत इतकी वर्षं काढलेला माणूस फुकट काम करतो म्हटल्यावर नाही कोण म्हणणार?

माझ्या ट्रंकेत ट्रामची घंटा आहे. चालकाच्या पायाखालची, पितळी. भंगारात जाणार होती, मी मागून घेतली. ती धक्क्यावरच्या माडाला टांगली. फेरीआधी पाच मिनिटं एक ठोका, सुटताना दोन. पलीकडे स्पष्ट ऐकू जाते.

दोन पाट्या रंगवल्या, दोन्ही काठांसाठी. "पहिली फेरी सकाळी ६. नंतर दर तासाला. शेवटची फेरी सायंकाळी ६॥ वाजता. कृपया हाक मारू नये." अक्षर चांगलं वळलंय. सुभद्रेला दाखवली. तिने ओल्या रंगावरून सरळ हात फिरवला आणि म्हणाली, "बरा आसा." 'कृपया' पुसलं गेलं! चिडलो. पुन्हा रंगवलं. गावातल्या माणसाला ओला रंग म्हणजे काय ते कळू नये?

२२ एप्रिल, बुधवार

सुरुवात झाली. पहिल्या दिवशी सगळी वाडी घंटा ऐकायला जमली होती.

अडचण एकच, भरती-ओहोटी. ट्रामच्या रुळाखालची जमीन कधी दिवसातून दोनदा निघून गेली नव्हती. दुपारची तीनची फेरी चिखलात बसली. भिकाजी वल्हं टेकून उभा राहिला आणि म्हणाला, "पाण्याक तुमची पाटी वाचूक येता काय?" बायका हसल्या.

हसोत. धक्क्यापासून खोल पाण्यापर्यंत माडाची खोडं आडवी टाकायची, म्हणजे ओहोटीलाही माणसं पाय न भिजवता होडीपर्यंत जातील. दोन्ही काठांना. उद्याच सुरुवात करतो. किती दिवसांनी भूक लागली आज.

२७ एप्रिल, सोमवार

भिकाजीशी खटका उडाला. चारची फेरी व्हायला वीस मिनिटं होती. पलीकडून हाक आली. हाक मारू नये असं लिहिलंय, तरी आली. भिकाजी उठला.

"बस. वीस मिनिटं आहेत."

"सीतेचो आवाज हा तो. घाई आसा तिका."

"घाई सगळ्यांनाच असते."

तो होडी घेऊन सरळ गेला. मी वहीत 'विनापरवाना फेरी' म्हणून नोंद केली. मागाहून कळलं, सीतेच्या सासऱ्याला घेरी आली होती आणि ती औषध घेऊन येत होती. बरं, चारच्या फेरीनेही औषध पोचलंच असतं. असा एखादा योगायोग धरून बसलं तर जगात कुठलंच वेळापत्रक चालणार नाही.

३ मे, रविवार

भिकाजी गेला. सकाळी वल्हं माझ्या पुढ्यात ठेवलं. "मी कुकाऱ्याचो मानूस. घंटेचो तुमी शोधा." मसुऱ्याला बहिणीकडे राहायला गेला. मी थांबवलं नाही. ट्राम बंद झाली तेव्हा मला कुणी थांबवलं होतं?

त्याच्या जागी धोंडू आलाय. खारेपाटणच्या नदीत होडी चालवलेला, तिशीतला, अंगाने दणकट. इथे कुणाला ओळखत नाही, हे उत्तमच. घंटा झाली की निघतो, एक प्रश्न विचारत नाही.

सुभद्रा म्हणाली, "एक दिस माका मिठबावाक नेशात? तुमच्या वांगडा जावचा आसा."

"कित्याक?"

"असाच."

असंच म्हणून कुणी खाडी ओलांडतं का? पण हो, येतो बरोबर, म्हटलं. रविवारी गर्दी असते, पुढच्या आठवड्यात बघू.

६ मे, बुधवार

आज चौदा फेऱ्या. चौदाच्या चौदा वेळेवर. खोडांची वाट पक्की झाली, ओहोटीतही अडलं नाही. संध्याकाळी धक्क्यावर बसून घंटा चिंचेने घासली. मुंबई सोडल्यापासून पहिल्यांदाच बरं वाटलं. आपण अजून कुणाच्या तरी उपयोगाचे आहोत, हे माणसाला लागतंच.

घरी मात्र सगळा कारभार बेशिस्त. सुईत दोरा ओवायला सुभद्रा शेजारच्या सुगंधाकडे जाते! एवढ्याशा कामाला शेजार, निमित्त गप्पांचं. आणि दिवा चारलाच लावून ठेवते. बाहेर लख्ख ऊन. रॉकेल काय विहिरीतून शेंदतो आपण? म्हटलं तर विझवला, पण नंतर अंगणातल्या पायरीला ठेचकाळली. माझ्यावरचा राग पायरीवर.

१२ मे, मंगळवार

सकाळी सुभद्रा म्हणाली, "मी मिठबावाक जावन येतंय." पुढचा आठवडा आला, तरी मला फुरसत नाही, हे तिने ओळखलं असावं. मी फेऱ्यांचा तक्ता आखत होतो. मान वर न करता सांगितलं, "शेवटची साडेसहाची, लक्षात ठेव." म्हणाली, "तुमी आसात मा थंय." अकराच्या फेरीत गेली, असं वाटतं. त्या फेरीत पाच बायका होत्या.

दिवसभरात चौऱ्याण्णव माणसं. उच्चांक.

संध्याकाळी एक परीक्षेचा प्रसंग आला, तो लिहून ठेवतो. साडेसहाची शेवटची फेरी करून धोंडूने होडी बांधली. मी घंटेला फडकं गुंडाळत होतो. सव्वासात झाले असतील, तोंडं दिसेनाशी झाली होती, ओहोटीही पुरी. पलीकडून हाक आली. बाईची. पुन्हा आली, मग तिसऱ्यांदा. मी धोंडूला म्हटलं, "तीनदा इली, म्हणजे भूत नाय!" तो हसला. मग म्हणाला, "जाव काय? पाच मिन्टांचा तर काम."

क्षणभर वाटलं, जाऊ दे. पण आज एकीसाठी गेलो की उद्या पाचजणी हाक मारतील आणि वीस दिवसांची घडी विस्कटेल. दादरला एकदा एका ओळखीच्या डॉक्टरांसाठी मी गाडी दोन मिनिटं रोखली होती, तर मागे परळपर्यंत ट्रामची रांग लागली. नियम मोडायचा तो पहिल्यांदाच अवघड असतो. मी काठावर गेलो, हाताचा कर्णा केला आणि स्वच्छ मराठीत, दादरला ओरडायचो तसा ओरडलो, "शेवटची फेरी गेलीऽऽ! पुढची उद्या सकाळी सहा वाजताऽऽ!"

आणि काय सांगावं, ती बाई लगेच गप्प झाली. एक शब्द नाही, वाद नाही. नीट सांगितलं की लोकांना कळतं. खंबीर राहिल्याचं समाधान वाटलं.

आता आठ वाजलेत. सुभद्रा अजून घरात नाही. दिवा लावलेला नाही, चूल थंड. दुपारच्या फेरीने येऊन सुगंधाकडे बसली असेल. हाक मारून येतो.

१४ मे, गुरुवार

काल लिहिणं झालं नाही. लिहायला हात धजत नव्हता.

सुगंधाच्या दारात मी विचारलं, "आमची हय आसा?" तिने माझ्याकडे पाहिलं. "वैनी? तुमी हाडलास नाय तिका?" मी म्हटलं, कुठून? ती म्हणाली, "मघाशी वैनीचो कुकारो आयकलंय मी. तीनदा. पण तुमी धक्क्यार होतास, म्हणान मी उठलंय नाय."

म्हणजे तो आवाज सुभद्रेचा होता. माझ्या बायकोचा आवाज साऱ्या वाडीने ओळखला असता, मला ओळखता आला नाही. घरात ती माझ्याशी हळू बोलते. तिची हाक मी कधी ऐकलीच नव्हती. हाक मारायची वेळ यायची तेव्हा मी मुंबईत असायचो.

कंदील घेऊन धोंडू आणि मी पलीकडे गेलो. काठावर कुणी नव्हतं. धोंडू जाळी टाकणाऱ्यांच्या झोपड्यांकडे गेला आणि त्यांच्यातला सत्यवान तिथे वाटच पाहत होता. सुभद्रा त्याच्या घरी होती, पायाला फडकी बांधून निजलेली. सत्यवानने मला बाहेर घेतलं आणि सगळं सांगितलं. माझं उत्तर ऐकून ती वरच्या अंगाला चालत गेली. तिथे ओहोटीला उतार आहे, लहानपणी ती कमरेएवढ्या पाण्यातून जायची तो. अंधारात तिची वाट चुकली. पाय कालवांच्या खडकावर पडला आणि दोन्ही तळवे चिरत गेले. तेवढ्यात भरती लागली. सत्यवान जाळं पागायला गेला होता, त्याला खडकावर कुणीतरी बसलेलं दिसलं. पाणी मांडीला लागलं होतं.

"मी म्हटलंय, वैनी, आराडलास कित्याक नाय? माका आयकाक इला असता," सत्यवान म्हणाला. "तर म्हणाक लागली, आमच्या घोवानच सांगल्यानी, फेरी गेली म्हणान. मग आनी कोणाक कुकारो घालू?"

म्हणजे तिने माझा आवाज ओळखला होता, आणि म्हणून ती गप्प झाली होती. मी वर लिहिलेलं समाधानाचं वाक्य खोडायला पेन उचललं होतं. खोडणार नाही. राहू दे तसंच.

१७ मे, रविवार

सुभद्रा माझ्याशी बोलते. पाणी द्या म्हणते, चादर द्या म्हणते. ह्यापलीकडे नाही. सुगंधा दोन वेळचं जेवण आणून ठेवते आणि माझ्याकडे न पाहता जाते. वाडीत कुणी मला बोल लावला नाही. लावला असता तर बरं झालं असतं.

घंटा मीच काढली. काढताना बोट चेंगरलं. ट्रंकेत तळाशी ठेवली.

संध्याकाळी धक्क्यावर गेलो तर भिकाजी होडीतलं पाणी उपसत बसलेला. मसुऱ्यापर्यंत बातमी गेली असणार. धोंडू त्याला वल्हं देऊन बाजूला उभा होता. मी म्हटलं, "भिकाजी, माझं चुकलं." तो पाणी उपसत राहिला. मग म्हणाला, "तुमचा खंय चुकला? तुमका आयकाक येवक व्हया होता, ता शिकवक कोण होतो?" हे बोलणं शिवीपेक्षा लागलं.

आता सगळा वेळ घरात असतो. तिच्या खाटेशी बसतो. आणि पाहतो. पेला उचलताना ती आधी हात पसरून चाचपते. मी न बोलता दारात उभा राहिलो तर विचारते, "कोण ता?" आज ती असं म्हणाली तेव्हा समजलं. हा टोमणा नाही. टोमणा कधीच नव्हता.

१९ मे, मंगळवार

तिच्या अंगात ताप भरला. उजवा तळवा सुजलाय. दुपारी डॉक्टरांना आणायला मिठबावला गेलो. ते वैतागलेले होते, रांग होती, पण माझं नाव सांगितल्यावर त्यांनी खुर्चीकडे बोट केलं. पायासाठी औषध, मलम, गोळ्या दिल्या. उद्या सकाळी येऊन बघतो म्हणाले. मग विचारलं, "आणि डोळ्यांचं काय ठरवलं?"

मी म्हटलं, "कसलं?"

"त्या बारा तारखेला आल्या होत्या त्या डोळ्यांसाठीच. संध्याकाळपर्यंत रांगेत बसून होत्या. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकत आलाय. उजेड कमी झाला की त्यांना काही दिसत नाही. दोन वर्षं तरी झाली असतील." मग चष्मा काढून माझ्याकडे पाहिलं. "तुम्ही घरीच असता ना?"

असतो, म्हटलं. दुसरं काय म्हणणार? ओला रंग, दोनदा मीठ, चारला लावलेला दिवा, सगळं मी ह्याच वहीत लिहिलंय. वेळेसकट. चौतीस वर्षं नोंदी ठेवणारा माणूस मी, आणि आपलीच वही मला वाचता आली नाही. ती "तुमच्या वांगडा जावचा आसा" म्हणाली होती. मी पुढचा आठवडा दिला. ट्रामसाठी पुढचं वर्ष दिलं होतं. आता ट्राम नाही आणि तिचे डोळेही नाहीत. दवाखान्याच्या पायरीवर बसून रडलो. लोक बघत होते, बघोत.

ऑपरेशन मिरजेला होतं, डॉक्टरांनी चिठ्ठी दिलीय. पाय बरा झाला की न्यायचं. पुढच्या वर्षी नव्हे.

धक्क्यावर पोचलो तेव्हा तिन्हीसांज झाली होती. होडी पलीकडे. घंटा ट्रंकेत. समोर माझ्याच अक्षरातली पाटी, 'कृपया हाक मारू नये'. पाटीशेजारी मी हातात औषधाची बाटली घेऊन उभा.

आयुष्यात मी कधी कुकारो घातला नव्हता. शिट्टी मारली, घंटा बडवली, हुकूम सोडले. पण पलीकडच्या माणसाने आपल्यासाठी उठून यावं, म्हणून हाक मारली नव्हती. काय म्हणायचं असतं तेही ठाऊक नव्हतं. पहिल्यांदा ओरडलो तो आवाज अर्धाच निघाला. दुसऱ्यांदा बरा गेला. पलीकडे कंदील दिसत होता, पण हलत नव्हता. मला भीती वाटली. हे लोक येणार नाहीत. का यावं त्यांनी? तिसऱ्यांदा सगळा जीव एकवटून ओरडलो, "ओऽऽ भिकाजीऽऽ! माका न्हेऽऽ!" आवाज फाटला.

कंदील हलला.

होडीत बसल्यावर मी विचारलं, "पहिल्या दोन हाकांना उठला नाहीस?"

"माका आवाज वळखाक इलो नाय," भिकाजी वल्हं मारत म्हणाला. "तुमचो कुकारो कोणी आयकलोहा कधी? वाटला, कोण परको मानूस आसा, तिनसांज झाली, थांबाया वायच. वैनी खळ्यात बसलेली. सुगंधान तिका उचलून भायर बसयल्ली. ती आराडली वरसून, भिकाजी, जा, ते आमचे."

घरी आलो तर ती अजून खळ्यातच बसली होती, फडक्यात गुंडाळलेले पाय पाटावर ठेवून. मी मुद्दाम लांबूनच बोललो, म्हणजे तिला कोण ते विचारावं लागू नये. "मी गो. औषध हाडलंय." जवळ जाऊन बसलो. खूप सांगायचं होतं, मिरजेचं, डोळ्यांचं, त्या संध्याकाळचं. तोंडून निघालं ते एवढंच, "भिकाजीक वळखाक इलो नाय. तुका माजो आवाज कसो वळखाक इलो?"

तिने पायावरचं फडकं चाचपलं. मग म्हणाली, "त्या दिसा पलीकडसून आयकल्ललंय मा. पाठ झालो."

स्टॉप म्हणून दाखवले होते, तशाच आवाजात म्हणाली. राग नव्हता त्यात. राग असता तर मला सोपं गेलं असतं.

मग तिने हात पुढे केला. तो बाटलीच्या बाजूला, हवेतच राहिला. मी तो धरला आणि बाटलीवर नेऊन ठेवला.